कण मोजणारा म्हातारा

डोंगरांच्या कुशीतली हिरवीगार दरी. मधून ओढा वाहतोय, काठावर एक हरीण पाणी पितंय, झाडाच्या शेंड्यावर घुबड बसलंय. मग लांबून खरखरीत आवाजातलं गाणं ऐकू येतं. हरीण कान टवकारतं आणि निघून जातं, मासे, फुलपाखरं, पक्षी सगळे दिसेनासे होतात. झाडीतून पांढऱ्या दाढीचा एक म्हातारा आपलं ओझ्याचं जनावर घेऊन बाहेर येतो. त्याच्या सामानात कुदळ आहे, फावडं आहे आणि उथळ, तिरप्या कडांची एक लोखंडी परात आहे. त्याला इथे सोनं शोधायचंय.

जोएल आणि ईथन कोएन या बंधूंच्या ‘द बॅलड ऑफ बस्टर स्क्रग्ज’ या २०१८ च्या चित्रपटात सहा स्वतंत्र गोष्टी आहेत. त्यातली चौथी ‘ऑल गोल्ड कॅनियन’. वीसेक मिनिटांचा हा लघुपट एकटा काढूनही पाहता येतो, आणि माझ्या मते तसाच पाहावा. त्यात माणसं दोनच. त्यातलं दुसरं उगवतं ते गोष्ट जवळजवळ संपल्यावर, तेही पाठीत गोळी घालायला. तोवर पडद्यावर फक्त हा म्हातारा, त्याची दरी आणि त्याचं काम. वेस्टर्न म्हटलं की घोडदौड, बंदुका, दारूचा गुत्ता आणि भरदुपारचं द्वंद्वयुद्ध डोळ्यांपुढे येतं. इथे एक माणूस खड्डे खणतो, माती धुतो आणि परातीच्या तळाशी उरलेले पिवळे कण मोजतो. तरीही नजर हलत नाही. शोध घेणं ही गोष्ट नेमकी कशी करतात, हे इतक्या प्रामाणिकपणे दाखवणारा दुसरा चित्रपट मला माहीत नाही. तो शोध समजून घेतला तर हा लघुपट दुप्पट खुलतो, म्हणून आधी त्या परातीकडे पाहू.

सोनं पाण्याच्या १९.३ पट जड असतं. ओढ्यातली वाळू बहुतांशी गारेची, म्हणजे क्वार्ट्झची, आणि गार पाण्याच्या २.६५ पट जड. म्हणजे सारख्याच आकाराचा सोन्याचा कण गारेच्या कणापेक्षा सातपट जड भरतो. पण परात पाण्यात बुडवली की हा फरक आणखी वाढतो. पाणी प्रत्येक कणाला त्याच्या आकाराएवढ्या पाण्याच्या वजनाइतकं वर उचलून धरतं. हे वजन दोन्हीकडून वजा केलं की सोन्याकडे उरतात १८.३ भाग आणि गारेकडे जेमतेम १.६५. सातपटीची तफावत अकरापटीवर जाते. धान्य पाखडताना सुपातून जे काम वारा करतो, ते इथे पाणी करतं, आणि वाऱ्यापेक्षा कितीतरी चोख करतं. परात आडवी हलवली की जड कण तळाला बसतात. मग ती किंचित कलती करून गोल फिरवायची. प्रत्येक हेलकाव्याला वरची हलकी वाळू कडेवरून वाहून जाते. शेवटी उरते लोहखनिजाची चिमूटभर काळी वाळू. ती पाण्याच्या पाचपट जड, त्यामुळे सहज जात नाही. हात बसलेला माणूस तीही हळूहळू पसरवतो, आणि तिच्या शेपटाशी सोन्याचे ठिपके उघडे पडतात.

आपल्याकडच्या सराफ बाजारांत झारेकरी हेच करत आले आहेत. सोनारांच्या दुकानापुढची धूळ आणि गटारातला गाळ गोळा करायचा, धुवायचा, आणि कानस मारताना उडालेला सोन्याचा कीस परत मिळवायचा. सोनं गंजत नाही, पाण्यात विरघळत नाही, मातीशी एकजीव होत नाही, म्हणून हे शक्य होतं. डोंगरातून सुटलेला कण हजारो वर्षं ओढ्यात लोळला तरी सोनंच राहतो.

चित्रपटातल्या म्हाताऱ्याचं कसब धुण्यात आहे, पण त्याहून जास्त मोजण्यात आहे. पहिल्या परातीत थोडे कण मिळतात आणि तो खूश होतो. पण ते गोळा करून पोट भरायचा त्याचा विचार नाही. त्या कणांचा त्याला साक्षीदार म्हणून उपयोग आहे. तो ओढ्याच्या काठाने पुढे सरकत जागोजागी माती धुतो आणि प्रत्येक ठिकाणचा आकडा लक्षात ठेवतो. काही अंतरापर्यंत कण वाढतात, मग कमी होतात, मग अजिबात मिळत नाहीत. कण संपले याचा अर्थ सोनं ओढ्याच्या वरच्या अंगाने वाहत आलेलं नाही, ते बाजूच्या उतारावरून घरंगळत आलंय. मग तो ओढ्याकडे पाठ करतो आणि कुरणाच्या चढाकडे वळतो.

इथून पुढे सगळी भूमिती आहे. उतारावर वर कुठेतरी सोनं असलेला खडक झिजतोय असं समजा. पाऊस, बर्फ आणि गुरुत्वाकर्षण त्याचे कण खाली ओढतात. खाली येताना ते दोन्ही बाजूंना पसरत जातात, म्हणजे उतारावर सोन्याचा एक पंखा उलगडतो. पायथ्याशी तो रुंद, वर अरुंद, आणि टोकाला एक बिंदू. म्हातारा चढावर आडव्या ओळींत खड्डे घेतो. प्रत्येक ओळीत कण कुठे सुरू होतात आणि कुठे संपतात हे पाहिलं की पंख्याच्या दोन्ही कडा कळतात. पुढची ओळ आखूड, त्यापुढची आणखी आखूड. दोन कडा मनात वर वाढवायच्या, त्या जिथे मिळतील तिथे खणायचं. वरून घेतलेल्या एका दृश्यात कुरणभर पसरलेले हे खड्डे दिसतात. पहिल्यांदा पाहताना ती एका वेड्या माणसाची नासधूस वाटते. पद्धत माहीत झाली की तोच देखावा मातीवर उतरवलेला नकाशा वाटू लागतो.

पंख्याच्या टोकाशी जे असतं त्याला खाणवाले ‘पॉकेट’ म्हणतात. सोनं मुळात जमिनीच्या खूप खोल तयार होतं. गरम पाणी गंधकाच्या संयुगांच्या मदतीने खडकांतलं विखुरलेलं सोनं विरघळवून घेतं आणि भेगांमधून वर चढतं. वाटेत दाब किंवा तापमान पडलं, रसायनांचा तोल बिघडला, की ते सोनं गारेसोबत भेगेतच जमतं. कॅलिफोर्नियातल्या सिएरा नेवाडाच्या पायथ्याचा ‘मदर लोड’ हा सुवर्णपट्टा असाच, साधारण बारा कोटी वर्षांपूर्वी, तयार झाला. तो सुमारे १९० किलोमीटर लांब आहे. पण भेगेत सोनं सगळीकडे सारखं बसत नाही. बराचसा भाग नुसती पांढरी गार असते, आणि एखाद्या वळणावर, एखाद्या फाट्यावर हाताएवढ्या जागेत इतकं सोनं साठतं की गार हातात घेतली तर मनगट खाली जावं. कंपनीला यंत्रं लावण्याएवढी ही जागा मोठी नसते. एकट्या माणसाचं आयुष्य बदलायला मात्र पुरते. म्हणून पॉकेट शोधणारे लोक एकटे हिंडत आणि आपली वाट कुणाला सांगत नसत.

मूळ कथा जॅक लंडनची. ती १९०५ मध्ये ‘द सेंचुरी’ मासिकात आली आणि पुढच्या वर्षी ‘मून-फेस’ या संग्रहात. लंडन हे सगळं ऐकीव माहितीवर लिहीत नव्हता. १८९७ साली, एकविसाव्या वर्षी, तो कॅनडाच्या क्लोंडाइक भागातल्या सोन्याच्या लाटेत सामील झाला. सीमेवरचे कॅनडाचे पोलीस प्रत्येकाकडे वर्षभर पुरेल एवढी शिधासामग्री असल्याशिवाय आत सोडत नसत, त्यामुळे जवळजवळ एक टन सामान पाठीवरून, पुन्हा पुन्हा फेऱ्या मारत, चिलकूट खिंडीपार न्यावं लागे. त्याने हेंडरसन क्रीकवर आपला हक्क नोंदवला, बर्फात हिवाळा काढला, ताज्या अन्नाअभावी त्याला स्कर्व्ही झाला, हिरड्या सुजल्या, आणि १८९८ मध्ये तो नावालाच सोनं घेऊन परतला. खरं धन त्याला मिळालं ते तिथल्या माणसांच्या गोष्टींचं, आणि त्यावर त्याने सगळी लेखनाची कारकीर्द उभारली. या कथेतले आकडे, ओळी, आखूड होत जाणारे खड्डे इतके बिनचूक आहेत ते यामुळे.

कथेच्या अखेरीस म्हातारा हिशेब मांडतो: सुमारे दोनशे पौंड सोनं, किंमत चाळीस हजार डॉलर. दोनशे पौंड म्हणजे ९० किलो. पण सोनं इतकं जड की हे सगळं पाच लिटरच्या डब्यात मावेल. माणूस दिवसेंदिवस राबून जमिनीत उतरतो आणि त्याला मिळतं ते एवढ्याशा जागेत बसतं, हे मला या गोष्टीतलं फार विलक्षण सत्य वाटतं.

आता हा माणूस म्हातारा का आणि एकटा का, याकडे येऊ. त्याचं उत्तर इतिहासात आहे. २४ जानेवारी १८४८ रोजी कोलोमा इथे, जॉन सटरच्या लाकूड कापण्याच्या गिरणीसाठी पाट खोदत असताना, जेम्स मार्शल याला पाण्यात पिवळे तुकडे दिसले. त्यानंतर नऊ दिवसांनी झालेल्या तहात मेक्सिकोने कॅलिफोर्निया अमेरिकेला दिला. बातमी पसरली आणि पुढच्या काही वर्षांत जगभरातून तीन लाखांच्या आसपास माणसं तिथे उतरली, बहुतेक तरुण आणि बहुतेक पुरुष. सुरुवातीला ओढ्यातलं सोनं परात आणि सुरी घेऊन काढता येत होतं. इतिहासकारांच्या अंदाजाप्रमाणे १८४८ मध्ये खाणकामगाराची दिवसाची सरासरी कमाई २० डॉलरच्या घरात होती. आठ वर्षांत ती ३ डॉलरवर आली. वरवरचं सोनं संपलं होतं. मग भांडवल आलं. १८५३ पासून पाण्याच्या प्रचंड झोतांनी अख्खे डोंगर धुऊन काढायला सुरुवात झाली. त्या गाळाने नद्या उथळ झाल्या, खालची शेतं बुडाली, आणि अखेर १८८४ मध्ये न्यायमूर्ती सॉयर यांनी नदीत गाळ सोडण्यावर बंदी घातली. दुसरीकडे खोल खाणी, दगड फोडणारे कारखाने आणि पगारी मजूर आले. ज्याने वीस वर्षांचा असताना स्वतःची परात घेऊन सुरुवात केली होती, त्याच्यापुढे दोनच वाटा राहिल्या: कंपनीत मजुरी करायची, नाहीतर अजून कुणी न धुंडाळलेल्या दऱ्यांत एकट्याने जायचं. काहींनी दुसरी वाट धरली आणि ते त्याच वाटेवर म्हातारे झाले. ज्याने ही सगळी लाट सुरू केली तो मार्शलसुद्धा १८८५ मध्ये गरिबीतच वारला.

अशा एका माणसाचं सुंदर शब्दचित्र मेरी ऑस्टिन यांनी ‘द लँड ऑफ लिट्ल रेन’ या १९०३ च्या पुस्तकात काढलं आहे. तो पॉकेट शोधत वाळवंटात आणि डोंगरात हिंडतो. मोठं घबाड लागलं की लंडनला जाऊन तिथल्या प्रतिष्ठित मध्यमवर्गात स्थायिक व्हायचं, एवढं एकच स्वप्न त्याने जपलेलं. आणि घबाड खरंच लागतं, तो खरंच जातो, आणि काही काळाने पुन्हा त्याच डोंगरांत आपल्या शेकोटीपाशी बसलेला आढळतो. ऑस्टिन त्याची कीव करत नाहीत. माणसाला कोणती जागा पेलते हे त्यांना नीट कळलं होतं.

असाच दुसरा माणूस म्हणजे ‘शॉर्टी’ या नावाने ओळखला जाणारा फ्रँक हॅरिस. १९०४ च्या ऑगस्टमध्ये त्याने आणि एड क्रॉसने नेवाडात डेथ व्हॅलीजवळ ‘बुलफ्रॉग’ हा साठा शोधला. त्यातून राइओलाइट नावाचं हजारो वस्तीचं गाव उभं राहिलं, रेल्वे आली, बँक आली, शाळा आली, आणि दहा-बारा वर्षांत ते ओसही पडलं. हॅरिसने आपला वाटा कवडीमोलाने विकून टाकला होता आणि तो गाढव घेऊन पुढच्या शोधाला लागला होता. असे लोक कशावर जगत, तर बरेचदा उधारीवर. गावातला दुकानदार पीठ, खारवलेलं डुकराचं मांस, कॉफी आणि सुरुंगाची दारू द्यायचा, आणि सापडेल त्यात अर्धा हिस्सा त्याचा. कोलोरॅडोतल्या लेडव्हिलचा दुकानदार होरेस टेबर १८७८ मध्ये अशाच उधारीतून एका रात्रीत श्रीमंत झाला. शोधणाऱ्याच्या मागे नेहमी कुणीतरी न शोधणारा हिस्सेदार असायचा.

चित्रपटात या म्हाताऱ्याची भूमिका टॉम वेट्स या गायकाने केली आहे. चित्रीकरणाच्या वेळी तो सत्तरीकडे झुकलेला होता. त्याचा आवाज खडी भरलेल्या गळ्यातून आल्यासारखा, आणि या भूमिकेला नेमका तोच हवा होता. म्हातारा सतत बोलतो: मातीशी, परातीशी, स्वतःशी, आणि सर्वांत जास्त त्या न दिसलेल्या साठ्याशी, ज्याला तो आदराने ‘मिस्टर पॉकेट’ म्हणतो. तू कुठेही लप, मी येतोय, असं त्याला रात्री आडवा पडल्यावर सांगतो. एकटेपणा दाखवण्यासाठी दिग्दर्शक सहसा माणसाला गप्प बसवतात, क्षितिजाकडे बघायला लावतात. कोएन बंधूंनी उलट केलं. अनेक वर्षं एकट्याने काढलेला माणूस गप्प होत नाही, तो प्रत्येक वस्तूला माणूस करून टाकतो. माझ्या मते या लघुपटातलं सर्वांत खोल निरीक्षण हेच आहे. सोनं हाच त्याचा सोबती आहे. म्हणून ते सापडण्याआधीच्या दिवसांत तो जितका आनंदात असतो, तितका सापडल्यावर नसतो.

तो जे गाणं गातो ते ‘मदर मॅक्री’, आयरिश-अमेरिकन रंगभूमीवरचं, आईविषयीचं. ते १९१० मध्ये आलं, म्हणजे या गोष्टीच्या काळानंतर. काळाचा हा मेळ बसत नाही, पण मनाचा बसतो. गाण्यातला मुलगा आईच्या रुपेरी केसांवर जीव टाकतो, आणि ते गाणारा हा मुलगा स्वतःच पांढऱ्या केसांचा झालेला आहे.

घुबडाच्या अंड्यांचा प्रसंगही पाहण्यासारखा. म्हातारा झाडावर चढून घरट्यातली चार अंडी उचलतो, मग समोरच्या फांदीवरून घुबड आपल्याकडे एकटक बघतंय हे त्याच्या लक्षात येतं. तो तीन परत ठेवतो आणि एक घेऊन उतरतो. पक्ष्याला कितीपर्यंत मोजता येतं, असा प्रश्न तो स्वतःलाच विचारतो. दिवसभर कण मोजणाऱ्या माणसाच्या तोंडी हा प्रश्न शोभतो. दरीकडून किती घ्यायचं याचा त्याचा स्वतःचा असा एक हिशेब आहे. तो साधू नाही, त्याला सोनं हवंच आहे, पण ओरबाडून घेणं त्याला जमत नाही.

दरी मात्र खरोखर इतकी निर्मनुष्य होती का, हे विचारायला हवं. चित्रपट तिला अस्पर्श दाखवतो. माणूस आला की प्राणी गेले, माणूस गेला की प्राणी परतले. चित्रीकरण कोलोरॅडोत टेल्युराइडजवळ, सॅन व्हॉन पर्वतांत झालं. हा प्रदेश यूट लोकांचा. तिथे सोनं-चांदी सापडू लागली तेव्हा १८७३ च्या ब्रूनो कराराने अमेरिकी सरकारने त्यांच्याकडून हे डोंगर काढून घेतले, आणि १८८१ मध्ये बहुतेक यूट लोकांना या भागातून हुसकावून लावलं. लंडनच्या कथेतल्या कॅलिफोर्नियात तर याहून भयंकर झालं. तिथले मूळ रहिवासी १८४८ मध्ये दीड लाखाच्या आसपास होते. १८७० पर्यंत ते तीस हजारांवर आले. रोगराई, उपासमार, गुलामीसारखी वेठबिगारी आणि सरळसरळ हत्या ही त्याची कारणं. सरकारी खर्चाने त्यांच्यावर मोहिमा काढल्या गेल्या. पहिला गोरा माणूस पोचला तेव्हा दरी रिकामी होती ही वेस्टर्न गोष्टींची फार जुनी आणि फार सोयीची समजूत आहे. हा लघुपट तिच्यातून सुटलेला नाही. त्याच्या प्रेमात पडूनही हे नोंदवलं पाहिजे, कारण ज्या कुरणात म्हातारा पहिला खड्डा घेतो तिथे त्याआधी पिढ्यान् पिढ्या लोकांचा वावर होता.

दुसऱ्या माणसाविषयी थोडक्यात. खड्डा खोल जातो, सोन्याने भरलेली गार उघडी पडते, म्हाताऱ्याला हसू आणि रडू एकदमच येतं, आणि त्याच क्षणी मातीवर एक सावली पडते. मग गोळी. सॅम डिलनने केलेला हा तरुण म्हाताऱ्याच्या मागावर होता. त्याने शोधू दिलं, खणू दिलं आणि मग बंदूक काढली. सोन्याच्या शोधावरच्या बहुतेक गोष्टी लोभाला दोष देतात. जॉन ह्यूस्टनच्या १९४८ च्या ‘द ट्रेझर ऑफ द सिएरा माद्रे’मध्ये तिघे भागीदार सोनं मिळेपर्यंत मित्र असतात आणि मिळाल्यावर एकमेकांवर संशय घेऊ लागतात. त्यातला अनुभवी म्हातारा जॉनचे वडील वॉल्टर ह्यूस्टन यांनी केला, आणि बापलेकांना एकाच वर्षी ऑस्कर मिळालं. तो थोर चित्रपट आहे. पण ‘ऑल गोल्ड कॅनियन’ मला एका बाबतीत जास्त न्यायी वाटतो. इथे सोनं दोघांनाही हवंय. फरक एवढाच की एकाने प्रत्येक कण मोजलाय आणि दुसऱ्याने वाट पाहिलीय. म्हातारा मेल्याचं सोंग करतो, तरुण खड्ड्यात उतरतो, झटापट होते आणि तरुण मरतो. त्यानंतर म्हातारा चिडून ओरडतो तेव्हा पाठीत गोळी घातल्याचा राग त्याच्या आवाजात असतोच, पण आयत्या पिठावर रेघोट्या ओढायला आलेल्या पोराविषयीचा संताप त्याहून मोठा असतो.

त्या पोराला तो त्याच खड्ड्यात पुरतो, सोनं लादतो आणि निघतो. पण त्याआधी ओढ्यावर जाऊन जखम धुतो. गोळी पाठीतून शिरून पोटातून बाहेर पडलेली. महत्त्वाचं काही लागलेलं नाही, असा त्याचा स्वतःचा निष्कर्ष. चित्रपट तेवढ्यावर त्याला सोडून देतो आणि प्रेक्षक सुटकेचा श्वास घेतो. वैद्यकाचा इतिहास मात्र इतका निश्चिंत राहू देत नाही. अमेरिकी यादवी युद्धात पोटाच्या आत शिरलेल्या गोळीने जखमी झालेल्यांपैकी ८७ टक्के सैनिक दगावले. गोळीपेक्षा घातक ठरायचं ते फाटलेलं आतडं. त्यातली घाण पोटाच्या पोकळीत पसरायची, दोन-तीन दिवसांत ताप चढायचा, पोट लाकडासारखं कडक व्हायचं, आणि त्यावर उपाय नव्हता. आतडं वाचलं असेल तर माणूस जगायचा. बाहेरून हे कळायला काही मार्ग नव्हता, ओढ्याच्या पाण्याने जखम धुणाऱ्याला तर नाहीच. पोट उघडून आतडं शिवण्याचं धाडस त्या काळी बहुतेक शल्यचिकित्सक करत नसत. ते धाडस पहिल्यांदा यशस्वी झालं ते याच मुलखात, ॲरिझोनातल्या टूमस्टोन या खाणींच्या गावात. १३ जुलै १८८१ रोजी डॉ. जॉर्ज गुडफेलो यांनी पोटात गोळी लागलेल्या एका माणसावर शस्त्रक्रिया केली. गोळी लागून तोवर नऊ दिवस झाले होते. तो रुग्णही खाणकामगारच होता, आणि तो वाचला.